भुरा नावाड्याची घागर

गोष्टीत मेलेला माणूस पुन्हा उठवायचा हक्क कुणाचा असतो, सांगा बरं? ज्याने गोष्ट लिहिली त्याचा, ज्याने ती पडद्यावर आणली त्याचा, की जी बाई पुढच्या रांगेत पदराचा बोळा तोंडात धरून रडली तिचा? लगेच उत्तर देऊ नका. मी लगेच दिलं होतं, आणि वर ते छापूनही घेतलं होतं.

वैशाख आला आहे. खांडबाऱ्याच्या बाजारात डांगरांचे ढीग लागलेत. खरबुजाला आमच्याकडे डांगर म्हणतात. एखादं फुटलेलं असतं, त्याच्यावर माश्या असतात, आणि स्टेशनपासून चर्चच्या फाटकापर्यंत सगळ्या रस्त्याला तो गोड, जरासा आंबूस वास असतो. निंबाचा बारीक फुलोरा अंगणात पडतो आणि झाडणारीच्या केसांत जाऊन बसतो. दुपारी रुळांवर ऊन इतकं थरथरतं की लांबून येणारी गाडी पाण्यातून येते आहे असं वाटावं. या दिवसांत मी कुठेही असले तरी माझ्या चपलेत वाळू असते. ती वाळू शहाद्याकडच्या गोमाई नदीची. दोन वर्षांपूर्वी याच दिवसांत त्या कोरड्या पात्रात आम्ही ‘कोंडलेली नदी’ या सिनेमाचा पार्ट टू केला.

आधी माझ्या घराचं सांगते. मी पत्रकांवर वाढले, हे अगदी शब्दशः. खांडबारा स्टेशनवर बाबा दोन प्रकारची पत्रकं वाटायचे. एका पत्रकात प्रभूचं राज्य येणार होतं, दुसऱ्यात वनजमिनीचा दाखला. लोक दोन्ही घ्यायचे, दोन्हींत भजी बांधून न्यायचे. घरात उरलेल्या गठ्ठ्यांवर आम्ही भावंडं बसायचो, झोपायचो, त्यांच्याच कोऱ्या बाजूवर गणितं सोडवायचो. घरी बोलायची भाषा आमची कोकणी, समुद्राकाठची नव्हे, डोंगरातल्या आदिवासींची. मराठी मी पत्रकांतून शिकले, म्हणून माझी मराठी सुरुवातीपासून जरा ओरडूनच बोलायची. मी चौथीत शाळेच्या सहलीवर निबंध लिहिला, त्याची पहिली ओळ होती, ‘बंधू-भगिनींनो, जागे व्हा.’

पत्रकांच्या त्या घरात जाड पुस्तकं दोनच होती. एक बायबल आणि दुसरं ‘कोंडलेली नदी’. हे दुसरं लिहिणाऱ्या बाई आमच्या शाळेत काही वर्षं शिकवायला होत्या. नाव सुलोचना, पण सगळे नुसतं ‘बाई’ म्हणायचे, आजही म्हणतात. त्या मूळच्या शहाद्याजवळच्या कळसाडीच्या, कापूस आणि ऊस पिकवणाऱ्या गुजर घरातल्या. आमच्याकडे डोंगरात बदली झाली तेव्हा शाळेच्या खोलीतच राहायच्या आणि संध्याकाळी लिहीत बसायच्या. त्यांनी लिहिलं काय, तर दोन खंडांची राजा-राणीची, जादूगाराची कादंबरी. त्यात एका जादूगाराने देशाची नदी तांब्याच्या हंड्यात कोंडून ठेवलेली असते. राणी ती नदी परत आणायला निघते. तिच्याबरोबर एक नावाडी निघतो, भुरा. नदी नाही, तरी भुरा आपली नाव डोक्यावर घेऊन वाळूतून चालतो. लोक हसतात. तो म्हणतो, नदी सापडली आणि नाव घरी राहिली तर काय करू?

बाबांच्या संघटनेतले एक काका ते पुस्तक चाळून म्हणाले होते, “ही सगळी पळवाट आहे. जनतेच्या प्रश्नांचं काय?” बाबा तेव्हा गठ्ठे बांधत होते. त्यांनी सुतळीची गाठ दातांनी ओढली आणि विचारलं, “नदी चोरून नेणारा माणूस तुम्हाला खोटा वाटतो का?” काका त्यानंतर चहा पिऊन गेले. मी त्या दिवसापासून भुराची झाले.

पहिल्या खंडाच्या शेवटी भुरा मरतो. त्याच्याजवळ उरलेलं शेवटचं घोटभर पाणी तो राणीला देतो, आपण नुकताच प्यालो असं खोटं सांगतो, आणि उलट्या नावेच्या सावलीत झोपतो तो उठत नाही. मी ते पान पहिल्यांदा वाचलं तेव्हा उठून माठातलं पाणी प्यायले, आणि पिताना मला लाज वाटली.

या पहिल्या खंडावर राकेशने सिनेमा काढला. राकेश शहाद्याचा, लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगचा धंदा करणारा. त्याच्याकडे दोन कॅमेरे, एक ड्रोन आणि न संपणारा उत्साह. सिनेमा अहिराणीत, कारण तिकडे सगळे तीच बोलतात. पैसे थोडके होते, पण देश मोठा होता. जादूगाराचं लाल वाळवंट त्याने नंदुरबारजवळच्या मिरचीच्या पथारीवर उभं केलं. तोडलेली मिरची वाळायला पसरतात त्या मोकळ्या रानाला पथारी म्हणतात. ड्रोनमधून पाहिलं तर जमीन पेटल्यासारखी दिसते. जादूगाराला मात्र एक वाक्य धड म्हणता येईना. ‘मी अमर शे’ म्हणायचं आणि ठसका लागायचा, ‘मी अमर शे’ आणि पुन्हा शिंक. शेवटी राकेशने ठसकाच ठेवला. पोरं आजही गल्लीत जादूगार झाली की आधी खोकतात.

आणि भुरा झाला दिलीप. दिलीप कळसाडीचाच, हंगामात पुरुषोत्तमनगरच्या कारखान्यावर उसाच्या ट्रॉल्या ओढणारा ट्रॅक्टर चालवतो. उंच, सुकलेला, कान थोडे बाहेर आलेले, आणि चेहरा असा की काही न बोलता उभा राहिला तरी लोक हसायला तयार होतात. कॅमेऱ्यासमोर त्याने नाव डोक्यावर घेतली ती उसाची मोळी घ्यावी तशी. अभिनय म्हणून त्याने काही केलंच नाही. म्हणून तो मेला तेव्हा लोकांना तो सिनेमात मेला असं वाटेना.

कळसाडीत देवळासमोर पडदा लावला होता. उलट्या नावेखाली दिलीपचा हात वाळूवर पडला आणि हळूहळू उघडला. एरवी अशा वेळी शिट्ट्या पडतात, कुणी तरी ‘ऊठ रे’ म्हणून ओरडतं. त्या दिवशी पुढच्या रांगेतल्या बायकांनी पदर तोंडात धरला. स्वतः दिलीप मागे शेंगदाणे खात उभा होता. त्याच्याकडे वळून बघायलाही लोक घाबरत होते.

दुसऱ्या खंडासाठी राकेशने मला, बाईंच्या जुन्या विद्यार्थिनीला, बोलावलं. “ताई, दुसरा भाग माले समजत नही. तू लिख.” त्याला न समजण्याचं कारण सोपं होतं. दुसऱ्या खंडात भुरा नाही. आहे ती फक्त त्याची नाव, आणि राणी ती ओढत नेते. पानंच्या पानं ती स्वतःशी बोलते. पुस्तकात हे फार सुंदर आहे. कॅमेऱ्याला त्याचं काय करायचं?

मी कळसाडीला बाईंकडे राहायला गेले. सकाळी ओट्यावर मी, राकेश आणि पुस्तक. बाईंचं एक वाक्य होतं: नदी गेली हे पहिल्यांदा बेडकांना कळलं. मी अडून बसले, हे वाक्य सिनेमात आलंच पाहिजे. राकेश डोकं खाजवायचा. “बेडूक कोठून आनू? उन्हायामा बेडूक?” मग एका दुपारी त्याने बाईंच्या घरातला कुरकुरणारा पंखा अचानक बंद केला. सगळं घर कान टवकारून बसल्यासारखं झालं. तो म्हणाला, “दखं. आवाज बंद झाया का मंग समजस, की आवाज व्हता.” पार्ट टूमध्ये सुरुवातीला पडदा काळा आहे, बेडकांचा मोठा कालवा आहे, आणि मग तो कालवा थांबतो. तिथे राणी डोळे उघडते. पुस्तकातलं वाक्य कुणी बोलत नाही आणि तरी ते सगळ्यांना ऐकू येतं. लिहिणाऱ्याने गप्प बसायचं असतं अशीही एक जागा असते, हे मला त्या पंख्याने शिकवलं. पत्रकांत ती जागा नव्हती.

पण भुराचा प्रश्न सुटेना. राकेश रोज मोबाइल माझ्यापुढे धरायचा. “कमेंट वाच, ताई. भुरा नही ते पिच्चर नही, आसं म्हनी ऱ्हायनात लोके.” त्याने उपायही शोधून ठेवला होता. सातपुड्यातून एक साधू येतो, जडीबुटीचे दोन थेंब भुराच्या तोंडात टाकतो, भुरा शिंकून उठतो, गाणं सुरू. दिलीपला ही युक्ती पसंत होती, कारण काम मिळणार होतं. “मरीसन मन्ही हवा वाढनी, ताई,” तो मला म्हणाला. “आते जित्ता झाया ते कितली वाढी!”

मी त्या दिवशी संतापले. शहाद्याच्या छापखान्यात गेले आणि एकपानी पत्रक छापून आणलं. ठळक अक्षरांत मथळा होता, ‘भुरा नावाडी मेला आहे. तो मेलेलाच राहील.’ खाली तीन परिच्छेद. प्रेक्षकांच्या लाडापुढे झुकणारी कला, बाजाराची गुलामी, हुतात्म्याचा अपमान, सगळं होतं. आमचं युनिट मोजून एका रिक्षात मावेल एवढं, त्यांना मी पत्रकं वाटली. राकेशने वाचून घडी घातली आणि कॅमेऱ्याच्या डगमगणाऱ्या पायाखाली सारली. उरलेली गावात गेली. चहाच्या टपरीवर, किराणा दुकानात, पिठाच्या गिरणीत.

बाई मात्र माझ्या बाजूनेही बोलल्या नाहीत आणि राकेशच्याही. संध्याकाळी त्या ओट्यावर गहू निवडत होत्या. मी म्हटलं, “बाई, तुम्ही एकदा ठणकावून सांगा ना. भुरा उठला तर तुमच्या पुस्तकाला काय अर्थ राहिला?”

त्यांनी दोन खडे बाजूला काढले. मग त्यांनी सांगितलं. त्यांच्या यजमानांची मूत्रपिंडं गेली होती. डॉक्टरांनी पाणी मोजून द्यायला सांगितलं होतं, दिवसाला अमुकच, वर एक थेंब नाही. असाच उन्हाळा होता. ते मागायचे. आधी हसत मागायचे, मग रागावून, मग लहान मुलासारखे. “मी दिलं नाही,” बाई म्हणाल्या. “औषधासारखं मोजत राहिले. ते गेले तेव्हा पेल्यात पाणी शिल्लक होतं. त्या दिवसाचं. वाचवलेलं.” सुपातले गहू त्यांनी एकदा पाखडले. “भुरा त्यानंतर लिहिला. निदान तो आपल्या मर्जीने तहानलेला मरावा, एवढंच माझ्या हातात होतं.”

मग अगदी सहज, उद्याच्या भाजीचं सांगावं तशा त्या म्हणाल्या, “गेल्या आखाजीला मी यांच्या घागरीशेजारी त्याचीही भरली.”

आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. आमच्या घरी आम्ही कबरीवर फुलं ठेवतो, घागर आम्हाला नवी. खान्देशात त्या दिवशी गेलेल्या माणसांसाठी मातीची घागर पाण्याने भरतात. तोंडावर डांगर ठेवतात, बाजूला आंबे, रव्याची गोड सांजोरी. चुलीतल्या निखाऱ्यावर तुपासह घास टाकतात, त्याला आगारी म्हणतात. गेलेला माणूस उन्हातून तहानलेला येतो आणि ते पाणी पितो, अशी समजूत. सासरी गेलेल्या लेकीही त्याच दिवसांत माहेरी येतात. झाडांना झोके लागतात. जिवंत आणि मेलेली, दोघांचीही घरी यायची वाट त्या दिवशी एकच असते.

बाईंनी भरली, ते बघून गल्लीतल्या आणखी दोघी-तिघींनी भुराच्या नावाने लोटा भरून ठेवला होता. तहानलेला मेलेला माणूस त्यांना सहन झाला नव्हता. गावात हे सगळ्यांना माहीत होतं. फक्त एका घरी कुणी सांगितलं नव्हतं.

त्या घरी माझं पत्रक पोचलं. वेणूमाय, दिलीपची आई, गिरणीवर दळण घेऊन गेली होती. पत्रक कुणी तरी मोठ्याने वाचलं, आणि पाठोपाठ गिरणीवाल्याने घागरीची गोष्टही सांगितली. वेणूमाय दळण तिथेच टाकून निघाली. ती बाईंच्या ओट्यापाशी आली तेव्हा तिच्या कपाळावर, भुवयांवर पीठ होतं आणि हातात माझं पत्रक होतं.

“बाई, तुम्ही मन्हा आंडोरनी घागर भरी?”

बाई उभ्या राहिल्या. “वेणू, बठ. तुन्हा दिलीपनी नही. भुरानी भरी.”

“भुराले तोंड कोनं शे?” वेणूमाय म्हणाली. “तोंड ते मन्हा पोऱ्यानं शे ना! सकायले भाकर खाईसन गया तो. जित्ता माणूसनी घागर भरतस का कोठे?”

दिलीप मागून धावत आला होता. “माय, तो पिच्चरमा मरना. मी आठे उभा शे. दखं, मी तुन्हासमोर उभा शे.”

“तू चूप बठ! मराना पैसा लिधा तू.”

हे ऐकून एरवी सगळे हसले असते. वेणूमाय खाली बसली आणि तिने सांगितलं ते फार साधं होतं. दिलीप उसाच्या हंगामात पहाटे अंधारात ट्रॅक्टर घेऊन जातो. मागे दोन ट्रॉल्या, वर ऊस, रस्ता अरुंद. तो परत येईपर्यंत ती दारात बसते. आधीही बसायची. पण पडद्यावर त्याचा तो वाळूवर उघडलेला हात पाहिल्यापासून डोळे मिटले की तिला तोच दिसतो. सिनेमा संपल्यावर लोक घरी गेले. तिचा सिनेमा संपलाच नव्हता. त्यात आता गावाने त्याला पाणी ठेवलं होतं, आणि वर एका शिकलेल्या पोरीने तो मेलेलाच राहील म्हणून छापून दिलं होतं.

“त्याले उठाडा,” ती म्हणाली. “तुम्ही पडदावर मारं, पडदावरच उठाडा. मी तठे बठीसन दखसू, मन्हा पोऱ्या उठना का नही. बाकी माले काही नको.”

बाईंचा चेहरा मी तेव्हा पाहिला. भुरा उठला तर तो शेवटचा घोट खोटा ठरणार होता, आणि त्या घोटापाशी बाईंचं सगळं दुःख बसलेलं होतं. नाही उठला तर समोर ही आई, कपाळावर पीठ असलेली. माझ्याजवळ तीन परिच्छेद होते आणि त्यांतलं एकही वाक्य इथे चालणारं नव्हतं. मी बाबांना फोन केला. सगळं ऐकून त्यांनी एवढंच विचारलं, “पोरी, पत्रक कुणाच्या विरोधात काढायचं असतं? ही माय तुझ्या विरोधातली आहे का?”

दोन दिवस काम ठप्प राहिलं. आखाजी जवळ आली होती. गावात झोके बांधत होते, घरोघरी सांजोऱ्यांच्या रव्याचा खमंग वास. आमची राणी, वर्षा, सासरहून आली. ती सुरतेला दिलेली, शूटिंगला मिळायची ती फक्त माहेरी आल्यावर. आल्या आल्या ती म्हणाली, “मी चार दिवससाठे उनी शे. भांडनं करा, नही ते पिच्चर करा.”

सगळे बाईंच्या ओट्यावर जमलो. राकेश पुन्हा साधू आणि जडीबुटी काढून बसला. वेणूमाय खांबाला टेकून बसली होती, कुणाकडे न बघता. दिलीप एका कैरीला मीठ लावून खात होता. आंबट झाल्यावर त्याने डोळे मिटले, तोंड वाकडं केलं आणि म्हणाला, “बाई, घागर भरेल शे ते पेवाले येनंच पडी ना भुराले? तुम्हीच बलायं त्याले. आते दार लावीसन कशी बठशात?”

तो गमतीनेच बोलला होता. बाईंच्या हातातला पंखा थांबला.

त्या म्हणाल्या, “यायला हवाच.”

मग आमच्यातलं कुणीच गप्प बसेना. राणी नाव ओढत ओढत एका ओसाड गावात पोचते. तिथे आखाजी आहे. ती भुराच्या नावाने घागर भरते, तिच्याजवळचं सगळं पाणी घालून. आणि भुरा येतो. उठून नाही, साधूच्या औषधाने नाही. जसे सगळे येतात तसा येतो, उन्हातून. पाणी पितो. पुस्तकात हे नव्हतं, पण पुस्तकाला ते कुठे दुखवतही नव्हतं. मी लिहायला लागले. बाई एकेक शब्द सांगत होत्या, राकेश कॅमेरा कुठे लावायचा ते ओट्याखालच्या मातीत काडीने काढत होता.

वेणूमायने सगळं ऐकून घेतलं. “पानी पीसन मंग कोठे जाई तो?”

बाई म्हणाल्या, “परत.”

“मंग काय उठना!” ती म्हणाली आणि निघून गेली.

आखाजीच्या दिवशी शूटिंग होणं शक्यच नव्हतं. राकेशचे दोन्ही कॅमेरे आणि ड्रोन लग्नांना बांधलेले, त्या दिवशी लग्नाला मुहूर्त बघावा लागत नाही. म्हणून भुरा एक दिवस उशिरा आला. दुसऱ्या दिवशी सकाळीच आम्ही गोमाईच्या पात्रात उतरलो. ऊन चढलं होतं. वाळू चपलेतून चटके देत होती. वर्षा राणीच्या मळक्या वेषात घागरीजवळ बसलेली. घागर खरी, बाईंच्या घरची. पाणीही खरं, डांगरही खरं. दिलीपच्या अंगाला राख लावली होती, ओठ चुन्याने फिकट केले होते. मी त्याला दृश्य समजावून सांगितलं: तू एक घोट पितोस, राणीकडे बघतोस, मागे वळतोस आणि चालत जातोस.

काठावर गाव उभं होतं. वेणूमाय येणार नाही असं सगळे धरून होते. ती आली होती, बाभळीच्या विरळ सावलीत, एकटी.

राकेशने हात खाली केला. दिलीप लांबून चालत आला. त्याच्या डोक्यावर नाव नव्हती, आणि पहिल्यांदाच त्याची मान किती बारीक आहे ते दिसलं. तो गुडघ्यांवर बसला. वर्षाने ओंजळीत पाणी ओतलं. त्याने घोट घेतला. राणीकडे बघायचं होतं, त्याने बघितलं नाही. त्याने पुन्हा ओंजळ पुढे केली. वर्षाने ओतलं. तो प्यायला, पुन्हा ओंजळ पुढे. सकाळपासून उन्हात उभा होता तो, आम्ही कुणी त्याला पाणी विचारलं नव्हतं. का अभिनय होता, देव जाणे. पाणी त्याच्या हनुवटीवरून, गळ्यावरून, छातीवरच्या राखेतून ओघळ काढत खाली जात होतं. नदीच्या त्या पात्रात एकच आवाज होता, त्याच्या पिण्याचा. माझ्या शेजारी बाई उभ्या होत्या. त्यांनी माझं मनगट धरलं होतं आणि दिलीप प्यायला लागल्यापासून त्यांची पकड घट्ट होत चालली होती.

तेवढ्यात वेणूमाय पात्रात उतरली. कुणाला काही कळायच्या आत ती कॅमेऱ्यासमोर होती. तिने वर्षाचा हात बाजूला केला.

“पुरे रे, दादा. उपाशीपोटी इतलं पानी पितस का? पोटमा दुखी.”

तिने पदराने त्याचं तोंड पुसलं. राख गेली, चुना गेला, खालून दिलीप निघाला. तिने त्याचं मनगट धरलं, बाजारात लहान मुलाचं धरावं तसं. “चाल घर. समदा जेवाले थांबेल शेतस.”

दिलीपने एकदा वर्षाकडे बघितलं. आम्ही सांगितलं होतं तसंच बघितलं. मग तो उठला. खरोखर उठला, गुडघ्याला हात टेकून, जसं माणूस जमिनीवरून उठतो. आणि आईमागून चालायला लागला. मी राकेशकडे पाहिलं. त्याने थांबा म्हटलं नाही. तोंड उघडं, डोळा कॅमेऱ्याला. ती दोघं वाळूतून लहान होत गेली, काठावरच्या गर्दीने वाट दिली, आणि मग चौकटीत फक्त घागर राहिली आणि राणी. वर्षा रडत होती. ते तिला लिहून दिलेलं नव्हतं.

कुणीतरी विचारलं, हे कापायचं ना?

बाई म्हणाल्या, “पुस्तकात असं नव्हतं.” त्यांनी माझं मनगट सोडलं. “राहू द्या. मला सुचलं नव्हतं. मेलेल्याला न्यायला कुणी आलं तर तो कुणाबरोबर जाईल, हे मी लिहिलंच नाही कधी.”

दृश्य तसंच ठेवलं आहे. लोक विचारतात, ती म्हातारी कोण? भुराची आई का? आम्ही हो म्हणतो. भुराला कादंबरीत आई नव्हती. सिनेमाने दिली. मी जन्मभर मूळ पुस्तकाशी इमान राखावं असं म्हणणारी बाई, आणि हे वाढवलेलं पात्र मला पुस्तकातल्या कुठल्याही पानाइतकं मूळ वाटतं. माझं बाकीचं मत बदललेलं नाही. प्रेक्षकांनी मागितलं म्हणून साधू आणायला माझा आजही विरोध आहे, आणि वेळ आली तर मी पुन्हा छापीन. फक्त आता छापण्याआधी ते कुणाच्या दारात पडणार आहे ते बघीन.

दिलीप या हंगामातही ट्रॉल्या ओढून आला. वेणूमाय अजून दारात बसते. हात मात्र दिसत नाही, असं ती सांगते. डोळे मिटले की तिला आता त्याची पाठ दिसते, आपल्यामागून चालणारी. पाठ कशी दिसेल तुझ्यामागून चालणाऱ्याची, असं दिलीप तिला चिडवतो. ती म्हणते, “तुले काय समजस!”

आता वैशाख आहे आणि पार्ट टू गावोगाव फिरतो आहे. देवळासमोर, शाळेच्या पटांगणात, लग्नाच्या मांडवात, मिळेल तिथे आम्ही पडदा लावतो. वेणूमाय जमेल तिथे येते. दर वेळी पूर्ण बघते. म्हणून तुम्हाला एक मागणं आहे. आमचा पडदा तुमच्या गावात आला तर पहिल्या रांगेत तिला जागा द्या. आणि भुरा ओंजळ पुढे करेल तेव्हा, तो तुमचा कितीही लाडका असला तरी, शिट्टी वाजवू नका, नाव घेऊन ओरडू नका. पोरांनाही गप्प करा. तेवढा वेळ तिला त्याचं पाणी पिणं ऐकू द्या.